ऑक्सिमीटरवर 96, तरी आजीला न्यूमोनिया. 'व्हायटल्स' नेमके कसे पाहायचे?

उरणजवळच्या द्रोणागिरीत आम्ही राहतो. गेल्या पावसाळ्यात एका रात्री आजी जेवायला उठलीच नाही. "काही नाही गं, थकलेय," म्हणाली. अंगात ताप नव्हता. कोव्हिडच्या वेळी घेतलेला ऑक्सिमीटर लावला, तर ऑक्सिजन 96 आणि नाडी 84. बीपीही नेहमीसारखंच. आम्ही निर्धास्त झालो.

खालच्या मजल्यावर एक निवृत्त सिस्टर राहतात. सहज डोकावल्या तेव्हा त्यांनी आजीचं मनगट हातात धरलं आणि मिनिटभर घड्याळाकडे बघत राहिल्या. मग आम्हाला बाहेर बोलावून म्हणाल्या, "श्वास 28 आहे. सकाळची वाट बघू नका." हॉस्पिटलमध्ये एक्स-रे काढला, तर न्यूमोनिया. वेळेत उपचार मिळाले आणि आजी आठवड्याभराने घरी आली.

घरात तीन यंत्रं होती. पण जो आकडा बिघडला होता, तो आम्ही मोजलाच नव्हता.

व्हायटल्स म्हणजे काय?

शरीराचं मूलभूत काम नीट चाललंय का, हे सांगणारी ही मोजमापं. विश्रांती घेत असलेल्या प्रौढ माणसात ती साधारण अशी असतात:

- तापमान: 97 ते 99 अंश फॅरनहाइट
- नाडी: मिनिटाला 60 ते 100
- श्वास: मिनिटाला 12 ते 20
- रक्तदाब: 120/80 च्या खाली
- ऑक्सिजन: 95 ते 100 टक्के

हॉस्पिटलमध्ये पेशंटच्या फाइलला जो 'टीपीआर चार्ट' असतो, त्यातला 'टी' म्हणजे तापमान, 'पी' म्हणजे नाडी आणि 'आर' म्हणजे श्वास. यातला 'आर' सगळ्यात दुर्लक्षित. तो मोजायला पूर्ण मिनिट थांबावं लागतं आणि एकेका नर्सकडे अनेक पेशंट असले की नेमकं तेच मिनिट मिळत नाही.

बाकी आकडे ठीक असताना श्वास का वाढतो?

फुफ्फुसात संसर्ग झाला किंवा रक्तातलं आम्ल वाढलं, की मेंदू श्वासाचा वेग वाढवतो. या जादा कष्टामुळेच काही काळ ऑक्सिजनचा आकडा टिकून राहतो. म्हणजे 96 हा आकडा खरा असतो, पण तो टिकवायला शरीर किती धापा टाकतंय, हे ऑक्सिमीटर सांगत नाही.

वयस्कर माणसांत संसर्ग होऊनही ताप न येणं नवीन नाही. बीपीच्या काही गोळ्यांमुळे नाडीही फारशी वाढत नाही. आजी त्यातलीच एक गोळी घेते.

ब्रिटनमध्ये 2012 पासून वापरात असलेल्या 'न्यूज' या गुणपद्धतीत प्रत्येक मोजमापाला धोक्यानुसार 0 ते 3 गुण देतात. श्वास 25 किंवा त्याहून जास्त असेल, तर थेट 3.

गडचिरोलीतले मणी

श्वास मोजून जीव वाचतात, हे महाराष्ट्रातल्याच गावांनी दाखवून दिलंय. गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' संस्थेने 1980 च्या दशकाच्या अखेरीस लहान मुलांचा न्यूमोनिया गावातच ओळखून त्यावर उपचार सुरू केले. ज्या दायांना मोठे आकडे मोजता येत नव्हते, त्यांच्यासाठी एक साधं साधन बनवलं: एका मिनिटाचं वाळूचं घड्याळ आणि तारेत ओवलेले मणी. दर दहा श्वासांना एक मणी सरकवायचा. वाळू संपायच्या आत लाल मणी आला, तर न्यूमोनिया समजायचा.

1990 मध्ये 'लॅन्सेट'मध्ये या कामाचे निष्कर्ष छापून आले. उपक्रम राबवलेल्या 58 गावांत पाच वर्षांखालच्या दर हजार मुलांमागे न्यूमोनियाचे मृत्यू 8.1 होते. तुलनेसाठी घेतलेल्या 44 गावांत ते 17.5 होते.

घरी कसं मोजाल?

*श्वास:* पेशंटला सांगू नका, कारण लक्ष गेलं की श्वासाची लय बदलते. नाडी बघतोय असं भासवून मनगट धरा आणि छाती किंवा पोट वरखाली होताना बघा. एकदा वर आणि एकदा खाली, हा एक श्वास. पूर्ण 60 सेकंद मोजा.

*नाडी:* अंगठ्याने बघू नका. अंगठ्याचे स्वतःचेच ठोके जाणवतात.

*रक्तदाब:* आधी पाच मिनिटं शांत बसवा. पाठ टेकलेली, पाय जमिनीवर, दंड हृदयाच्या पातळीवर. अर्धा तास आधी चहा-तंबाखू नको आणि मोजताना गप्पाही नकोत.

*ऑक्सिजन:* नेलपॉलिश काढा, थंड बोटं चोळून गरम करा. सावळ्या त्वचेवर ऑक्सिमीटर कधीकधी प्रत्यक्षापेक्षा जास्त आकडा दाखवतो, हेही लक्षात असू द्या.

कधी थांबायचं नाही?

शांत बसलेल्या प्रौढ माणसाचा श्वास 25 च्या वर गेला, बोलताना वाक्य तुटू लागलं, ओठ निळसर झाले किंवा माणूस गोंधळल्यासारखा वागू लागला, तर इतर आकडे चांगले असले तरी 108 ला फोन करा किंवा जवळचं हॉस्पिटल गाठा. दोन महिने ते एक वर्षाच्या बाळासाठी 50 आणि एक ते पाच वर्षांच्या मुलासाठी 40 किंवा त्याहून जास्त श्वास हा धोक्याचा इशारा मानतात.

आणखी एक गोष्ट आजच करता येईल. घरातली वयस्कर माणसं बरी असतानाचे त्यांचे आकडे लिहून ठेवा. दम्याच्या किंवा फुफ्फुसाच्या जुन्या आजाराच्या पेशंटचा नेहमीचा आकडा वेगळा असू शकतो. तो माहीत असेल, तरच झालेला बदल कळतो.

आमच्या फ्रिजवर आता आजीचा कागद चिकटवलेला आहे. त्यावर पहिली ओळ श्वासाची आहे: 16.