पालीचा मलेरिया पालीलाच

पावसाची पहिली झड ओसरली की सटाण्यात तापाच्या गोष्टी सुरू होतात आणि त्यासोबत एक सल्ला हमखास कानावर येतो: "पाली मारा, त्यांच्या अंगात मलेरिया असतो." लगेच ट्यूबलाइटखालची पाल झाडूच्या टप्प्यात येते. पतंग, किडे आणि हाताशी आलेले डासही मटकावणारा प्राणी मारला जातो आणि डास मात्र टाकीत वाढत राहतात. याचा संताप यायलाच हवा.

सल्ला चिवट आहे, कारण त्यातलं अर्धं खरं आहे. पाली-सरड्यांना मलेरिया होतो. मलेरियाचा परजीवी म्हणजे प्लास्मोडियम. सरड्यांच्या गोतावळ्यात त्याच्या नव्वदच्या आसपास जाती नोंदल्या आहेत. पण माणसाला आजारी पाडणाऱ्या मुख्य जाती पाचच: फाल्सिपेरम, व्हायवॅक्स, मलेरिई, ओव्हेल आणि नोलेसी. यातली नोलेसी आग्नेय आशियात माकडांकडून येते. माकड आपलं जवळचं नातेवाईक, सरडा नव्हे. परजीवीला पेशीत शिरायला तिच्या पृष्ठभागावरची ठरावीक प्रथिनं लागतात. सरड्याची तांबडी पेशी लांबट आणि केंद्रक असलेली, आपली वाटोळी आणि केंद्रकाविना. पालीकडून माणसाला मलेरिया झाल्याची नोंद नाही.

हे नवं ज्ञानही नव्हे. रोनाल्ड रॉस यांना 20 ऑगस्ट 1897 रोजी सिकंदराबादला डासाच्या पोटात मलेरियाचा परजीवी दिसला. पुढच्या वर्षी कलकत्त्यात त्यांनी पक्ष्यांच्या मलेरियाचं पूर्ण चक्र उलगडलं, तेही क्युलेक्स डासांत. म्हणून चिमणीपासून माणसाला हिवताप येतो असं ठरलं नाही.

दुसरा गैरसमज वाहकाचा. माणसाचा मलेरिया अ‍ॅनोफिलिस डासाची मादी पसरवते, म्हणून सगळाच मलेरिया डासांचा, असं धरलं जातं. कॅलिफोर्नियातल्या कुंपण-सरड्यांमध्ये प्लास्मोडियम मेक्सिकॅनम असतो. अयाला आणि ली यांनी 1970 मध्ये दाखवलं की त्याचे वाहक डास नसून सँडफ्लाय, म्हणजे वाळूमाश्या आहेत. त्या खारींच्या बिळांत दडतात. बाधित सरड्याला रक्तक्षय होतो, त्याचा पळण्याचा दम कमी होतो आणि मादी कमी अंडी घालते.

वाळूमाशी आपल्याकडेही आहे. दोन-तीन मिलिमीटरची, केसाळ, पंख व्ही आकारात उभे धरणारी. मातीच्या भिंतीवर हात नेला की ती उडण्याऐवजी टुणकन उडी मारते. तिच्या सर्जेंटोमिया वंशातल्या बऱ्याच जाती पाली-सरड्यांचं रक्त पितात, तर फ्लेबोटोमस वंशातल्या काही माणसांना चावतात. नागपूर जिल्ह्यातल्या चांदीपुरा गावाचं नाव मिळालेला विषाणू 1965 मध्ये सापडला. त्याचा प्रसार मुख्यतः वाळूमाश्यांमार्फत होतो आणि धोका लहान मुलांना जास्त असतो. पालीची भीती बाळगणाऱ्या घरात या माशीचं नावही निघत नाही.

किरकोळ गैरसमज थोडक्यात. पाल विषारी नसते. मात्र तिच्या विष्ठेत साल्मोनेला जिवाणू असू शकतात, म्हणून ती पडलेलं अन्न टाकून द्यावं. मलेरिया गटारातूनच येतो असं नाही. शहरातला अ‍ॅनोफिलिस स्टिफेन्सी गच्चीवरच्या उघड्या टाकीतल्या स्वच्छ पाण्यात वाढतो. आणि ड्रम रिकामे केल्याने वाळूमाशी कमी होत नाही, कारण तिच्या अळ्या पाण्यात वाढत नाहीत. त्या ओलसर मातीत, शेणाच्या ढिगाजवळ आणि गोठ्याच्या भिंतींच्या भेगांत वाढतात. तिथे लिंपण करून भेगा बुजवाव्या लागतात आणि शेणखताचा ढीग घरापासून दूर न्यावा लागतो.