इन्व्हरनेसहून एका दिवसात

लहान गटाच्या सहलीत साधारण आठ ते सोळा प्रवासी असतात आणि बहुधा चालकच माहितीही सांगतो. मोठी बस अडेल अशा अरुंद रस्त्यांवर मिनीबस सहज जाते, हा खरा फायदा.

पहिला थांबा बहुतेकदा कलोडन, शहरापासून जेमतेम ८ किलोमीटर. १६ एप्रिल १७४६ रोजी चार्ल्स एडवर्ड स्टुअर्टच्या बंडखोर जॅकोबाइट सैन्याचा सरकारी फौजेने इथे तासाभराच्या आत धुव्वा उडवला. सुमारे १,५०० जॅकोबाइट कामी आले. माळावरची निळी निशाणे त्यांच्या फळीची, लाल सरकारी फौजेची. दोन्हींमधले अंतर पायी तोडून पाहाच. बूट चिखलात रुतू लागले की तलवार उपसून धावणाऱ्यांचा हल्ला का फसला, हे वेगळे सांगावे लागत नाही. कुळांच्या नावांचे दगड १८८१ मधले. फ्रेझर कुळाच्या दगडापाशी झुंबड दिसली तर तो ‘आउटलँडर’ मालिकेचा प्रताप समजावा.

तिथून जवळच क्लावा केर्न्स : सुमारे ४,००० वर्षांपूर्वीची दगडी थडगी, भोवती उभ्या शिळांची कडी. दोन थडग्यांच्या वाटा ऐन हिवाळ्यातल्या मावळत्या सूर्याच्या दिशेने आहेत. प्रवेशशुल्क नाही.

काही सहली फोर्ट जॉर्जलाही नेतात. पुन्हा बंड होऊ नये म्हणून बांधलेला हा किल्ला १७६९ मध्ये पूर्ण झाला, पण त्यावर कधी हल्लाच झाला नाही. वेळ कमी असेल तर हाच गाळावा. रेनकोट मात्र उन्हाळ्यातही हवाच.