रहस्यभेदी व्यंगपटांची विडंबने
भुताखेतांच्या भासामागील लबाडी उघडकीस आणणाऱ्या कार्टून-मालिकांच्या ठरीव संकेतांवर बेतलेल्या विनोदी कृती. हॅना-बार्बेरा या अमेरिकन संस्थेची ‘स्कूबी-डू, व्हेअर आर यू !’ (१९६९) ही मालिका त्यांचे प्रमुख लक्ष्य होय. जो रूबी व केन स्पिअर्स हे तिचे जनक. चार तरुण व त्यांचा भित्रा कुत्रा एखाद्या ओसाड वाड्यात शिरतात. भूत त्यांच्या पाठीस लागते. रचलेला सापळा फसतो, तरी योगायोगाने भूत हाती येते आणि मुखवटा ओढताच आतून धन वा जमीन लाटू पाहणारा कोणी परिचित गृहस्थ निघतो. धावणाऱ्या पात्रांमागे तीच ती पार्श्वभूमी फिरत राहते. चित्रे काढण्याचा खर्च वाचविण्याची ही युक्ती विडंबनकारांच्या मात्र चांगलीच पथ्यावर पडली.

नुसती नक्कल हा विडंबनाचा सोपा प्रकार. ‘वेन्स वर्ल्ड’ (१९९२) या चित्रपटाच्या अनेक शेवटांपैकी एकात खलनायकाचा मुखवटा ओढला जातो, तो असाच. ‘साउथ पार्क’ या व्यंगपट-मालिकेच्या १९९९ मधील एका भागाची मजल याहून पुढची आहे. त्यात गावात चाच्यांची भुते अवतरतात. ती धर्मोपदेशकाची करणी ठरते. पण त्यासाठी वापरलेली म्हणून सांगितलेली साधने इतकी किरकोळ असतात, की त्यापेक्षा भूतच पटावे. मूळ मालिकेच्या बुद्धिवादातील कच्चा दुवा येथे नेमका हेरला आहे.

दुसरा प्रकार भूत खरेच निघण्याचा. मूळ मालिकेच्या परिवारातील ‘स्कूबी-डू ऑन झोंबी आयलंड’ (१९९८) या चित्रपटानेच तो संकेत उलटविला. ‘सुपरनॅचरल’ मालिकेच्या २०१८ मधील एका भागात खऱ्या भुताच्या दर्शनाने तरुणांची श्रद्धाच ढासळते. तेव्हा भूत खोटेच होते असा बनाव रचून नायक त्यांना मुखवटा ओढू देतात. या प्रकारातील ही सर्वांत मार्मिक कृती म्हणावी लागेल. मात्र बुद्धिनिष्ठा तीत मुलांची समजूत काढण्यापुरती उरते.

रेखाचित्रातून अंधश्रद्धेचा मुखवटा उतरविण्याची कल्पना मराठी वाचकाला नवी नाही. कुंडललगतच्या किर्लोस्करवाडीहून ‘किर्लोस्कर खबर’ (१९२०, पुढे ‘किर्लोस्कर’) हे मासिक निघू लागले. त्याचे संपादक शं. वा. किर्लोस्कर स्वतः व्यंगचित्रकार होते व रूढी आणि अंधश्रद्धा यांवर त्यांनी कुंचल्याने प्रहार केले. वि. दा. सावरकरांचे विज्ञाननिष्ठ निबंधही याच मासिकातून प्रसिद्ध झाले. ही चित्रे स्थिर होती. तीत पाठलागाची गंमत नव्हती आणि ज्यांच्यावर ती रोखलेली होती, ते लोक कल्पित नव्हते.