रायनिगर, लॉटे
रायनिगर, लॉटे : (२ जून १८९९–१९ जून १९८१). जर्मन छायाचित्रकर्ती, सचेतनपट (ॲनिमेशनपट) दिग्दर्शिका व लेखिका. काळ्या कागदाच्या कर्तनकलेला चित्रपटाचे माध्यम मिळवून देऊन तिने मुलांसाठी परीकथापटांची स्वतंत्र परंपरा निर्माण केली. जन्म बर्लिनमधील शार्लोटेनबुर्क येथे. लहानपणीच कागदी आकृत्या कातरून ती घरी छायानाट्ये करी. नट व दिग्दर्शक पाउल व्हेगेनर याच्या व्याख्यानामुळे ती चित्रपटाकडे आकृष्ट झाली. त्याच्या १९१८ सालच्या चित्रपटासाठी तिने शीर्षकपट्ट्यांवरील छायाकृती केल्या. तिचा पहिला छायापट १९१९ मध्ये पूर्ण झाला. १९२१ मध्ये तिने कार्ल कॉख याच्याशी विवाह केला. तिच्या बहुतेक चित्रपटांच्या निर्मितीत व छायाचित्रणात त्याचे साहाय्य असे.

लूइस हागेन या बँकव्यावसायिकाच्या आर्थिक साहाय्याने, पॉट्सडॅम येथील त्याच्या मोटारखान्यावरील जागेत, तिने १९२३–२६ या काळात *डी आबेन्टॉयर देस प्रिन्झेन आख्मेट* (म. शी. ‘राजपुत्र अहमदची साहसे’) हा सु. ६५ मिनिटांचा चित्रपट तयार केला. *अरेबियन नाइट्स* मधील कथांवर आधारलेला हा चित्रपट वॉल्ट डिझ्नीच्या *स्नो व्हाइट* पूर्वी अकरा वर्षे पूर्ण झाला होता. आज उपलब्ध असलेल्या पूर्ण लांबीच्या सचेतनपटांत तो सर्वांत जुना होय.

तिची साधने साधी होती. पात्राचे डोके, धड व हातपाय पुठ्ठ्यातून व शिशाच्या पातळ पत्र्यातून वेगवेगळे कातरून ती तारेने सांध्यांवर जोडी. खालून प्रकाश सोडलेल्या काचेच्या टेबलावर ही आकृती ठेवून तिचे अवयव किंचित सरकवायचे आणि वर बसविलेल्या कॅमेऱ्याने एकेक चित्र घ्यायचे, अशी ही पद्धत होती. पडद्यावरील एका सेकंदासाठी अशी दीड-दोन डझन चित्रे लागत. पार्श्वभूमीला खोली आणण्यासाठी ती काचेचे अनेक थर एकावर एक योजी. छायाकृतीच्या चेहऱ्यावर भाव दाखविता येत नाहीत. त्यामुळे मानेचा झोक, बोटांची ठेवण व चालण्याची लय यांतूनच तिने पात्रांचा स्वभाव व्यक्त केला. ही मर्यादा हेच तिच्या शैलीचे सामर्थ्य ठरले.

नाझी सत्तेखाली राहणे अशक्य वाटल्याने १९३५ मध्ये या दांपत्याने जर्मनी सोडली. तथापि इतर देशांत कायम वास्तव्याची परवानगी न मिळाल्याने त्यांना अनेक वर्षे ठिकठिकाणी भटकावे लागले. झां रन्वार या फ्रेंच दिग्दर्शकाच्या *ला मार्सेयेज* (१९३८) मधील छायानाट्याचा प्रसंग तिने या काळात केला. आजारी आईच्या शुश्रूषेसाठी १९४४ मध्ये तिला बर्लिनला परतावे लागले. १९४५ मध्ये त्या शहरातील लढाईत *आख्मेट* ची मूळ ऋणप्रत नष्ट झाली.

१९४९ मध्ये लंडनमध्ये स्थायिक झाल्यावर तिने हागेनच्या मुलाबरोबर ‘प्रिमरोझ प्रॉडक्शन्स’ ही संस्था काढली आणि दूरचित्रवाणीसाठी ग्रिम बंधूंच्या व इतर कथांवर डझनाहून अधिक लघुपट केले. त्यांपैकी *द गॅलन्ट लिटल टेलर* (१९५४) या लघुपटास व्हेनिस चित्रपट महोत्सवात पारितोषिक मिळाले. पतीच्या निधनानंतर (१९६३) काही काळ तिचे काम थांबले. *शॅडो थिएटर्स अँड शॅडो फिल्म्स* (१९७०) या ग्रंथात तिने छायानाट्याचा इतिहास सांगून आपली सारी पद्धती, नवशिक्यासही अनुसरता येईल अशा सुबोध रीतीने, विशद केली. उतारवयात कॅनडात *ओकासँ ए निकोलेत* (१९७५) व *द रोझ अँड द रिंग* (१९७९) हे चित्रपट तिने पूर्ण केले.

डेट्टनहाउझेन (प. जर्मनी) येथे तिचे निधन झाले. *आख्मेट* ची रंगछटायुक्त आवृत्ती लंडनमध्ये जतन झालेल्या एका प्रतीवरून १९९८–९९ मध्ये पुन्हा सिद्ध करण्यात आली. मूळ ऋणप्रत नाहीशी होऊनही हा चित्रपट त्यामुळे मूळच्या रंगांसह पुन्हा पाहता येऊ लागला.