ग्लासगो ग्रीन

ग्लासगो ग्रीन : स्कॉटलंडमधील ग्लासगो शहराचे सर्वांत जुने सार्वजनिक उद्यान. क्षेत्रफळ सु. ५५ हेक्टर. ते शहराच्या पूर्व भागात क्लाइड नदीच्या उत्तर तीरावर आहे. ‘ग्रीन’ म्हणजे गावाची सामाईक हिरवळ; आपल्याकडील गायरानाशी तिचे जवळचे साम्य आहे. १४५० मध्ये राजा दुसरा जेम्स याने बिशप विल्यम टर्नबुल व नगरवासी यांना ही जमीन दिली, असे मानतात. दानाने मिळालेला हा हक्क नागरिकांना पुढे वारंवार झगडून राखावा लागला आणि ग्रीनच्या इतिहासाचे खरे महत्त्व त्यातच आहे.

प्रारंभी ही जमीन उंचसखल व दलदलीची होती. तीवर गुरे चरत, कोळी जाळी वाळवीत आणि स्त्रिया कपडे धुऊन उन्हात पसरीत. १७३२ मध्ये कॅमलाची ओढ्याकाठी सार्वजनिक धुलाईघर उभारण्यात आले. कपडे वाळविण्याचे खांब उद्यानात अद्याप जपून ठेवलेले आहेत. १७९० मध्ये स्थापन झालेल्या ग्लासगो ह्यूमेन सोसायटी या संस्थेने नदीत बुडणाऱ्यांना वाचविण्याचे कार्य येथूनच चालविले. १७९२ मध्ये फ्लेशर्स हॉ हा पूर्वेकडील सखल भाग नगरपालिकेने विकत घेतला. १८७२ मध्ये स्थापन झालेल्या रेंजर्स या फुटबॉल संघाने आपले पहिले सामने याच भागात खेळले. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात येथील ओढे बंदिस्त करून व जमीन सपाट करून ग्रीनला उद्यानाचे रूप देण्यात आले.

वाफेच्या एंजिनाच्या इतिहासातही ग्रीनला स्थान आहे. १७६५ मध्ये एका रविवारी येथे फिरत असताना वाफ सिलिंडरबाहेर स्वतंत्र पात्रात थंड करण्याची कल्पना जेम्स वॉटला सुचली. सिलिंडर दर फेऱ्यास थंड होऊन पुन्हा तापवावा लागत असल्याने तोवरच्या एंजिनांत इंधनाचा मोठा अपव्यय होई. तो या कल्पनेने टळला. ज्या शहराचे रूप वाफेने पालटले, त्याच्या सामाईक कुरणात ही कल्पना जन्मावी, हा योगायोग उल्लेखनीय आहे.

कारखानदारीबरोबर ग्रीन हे श्रमिकांचे सभास्थान बनले. मजुरीतील कपातीविरुद्ध कॅल्टनचे विणकर १७८७ च्या जूनमध्ये येथे जमले. त्यांच्या संपाच्या वेळी ३ सप्टेंबर रोजी सैनिकांनी केलेल्या गोळीबारात सहा जण मृत्युमुखी पडले. मतदानहक्काच्या विस्तारासाठी १८३२ मध्ये आणि चार्टिस्ट चळवळीसाठी १८३८ मध्ये येथे प्रचंड मेळावे झाले. शासनसत्तेचेही दर्शन येथे घडे : उद्यानाच्या पश्चिम प्रवेशाशी १८६५ पर्यंत जाहीर फाशी दिली जात असे.

जमिनीखाली कोळसा असल्याने ग्रीनवर वेगळेच संकट ओढवले. केल्विनग्रोव्ह व क्वीन्स पार्क या नव्या उद्यानांच्या जमिनींसाठी झालेले कर्ज फेडण्यासाठी ग्रीनखालील कोळसा काढण्याचा घाट १८५८ मध्ये नगरपालिकेने घातला. इतर वस्त्यांच्या उद्यानांचा खर्च कामगारांच्या उद्यानातून काढण्याचाच हा प्रकार होता. नागरिकांच्या तीव्र विरोधामुळे तो बेत सोडावा लागला. १९९० मध्येही फ्लेशर्स हॉ खाजगी विकसकांना भाडेपट्ट्याने देण्याच्या योजनेस असाच विरोध झाला.

१९१६ च्या उपविधीनुसार उद्यानात परवान्याविना भाषण करणे वा पत्रके वाटणे हा गुन्हा ठरला. त्याविरुद्धच्या लढ्यात गाय ऑल्ड्रेड हा अराज्यवादी पुढारी अग्रभागी होता. श्यामजी कृष्णवर्मा यांचे इंडियन सोशिऑलॉजिस्ट हे पत्र छापल्याबद्दल १९०९ मध्ये त्याला एक वर्षाची शिक्षा झाली होती व विनायक दामोदर सावरकरांच्या सुटकेसाठीही त्याने चळवळ केली होती, म्हणून मराठी वाचकांस तो सर्वस्वी परका नाही. १९३१ मधील अटकसत्र व त्यावरील लोकक्षोभानंतर हा निर्बंध शिथिल करण्यात आला.

उद्यानातील वास्तूंपैकी ४४ मी. उंचीचा नेल्सन स्तंभ (१८०६) सर्वांत जुना होय. १८८८ च्या आंतरराष्ट्रीय प्रदर्शनासाठी घडविलेले डूल्टन कारंजे १८९० मध्ये येथे आणण्यात आले. पक्क्या मातीच्या कारंज्यांत ते जगात सर्वांत मोठे मानले जाते. त्यावर भारत, कॅनडा, ऑस्ट्रेलिया व दक्षिण आफ्रिका यांच्या प्रतीकमूर्ती असून माथ्यावर व्हिक्टोरिया राणीची मूर्ती आहे. साम्राज्याची ही मिरवणूक श्रमिकांच्या सभास्थानी काहीशी विसंगत वाटते. उद्यानालगत व्हेनिसच्या डोजेस पॅलेसच्या धर्तीची टेम्पलटन गालिचा कारखान्याची इमारत आहे. बांधकाम चालू असता १ नोव्हेंबर १८८९ रोजी तिची भिंत शेजारच्या माग-शाळेवर कोसळून २९ स्त्रिया ठार झाल्या. पीपल्स पॅलेस (१८९८) हे पूर्व ग्लासगोतील जनतेसाठी उभारलेले संग्रहालय असून त्यात शहराच्या सामाजिक जीवनाचे दर्शन घडते. त्याला जोडलेले काचगृह २०१८ च्या अखेरीस, तर संग्रहालय २०२४ मध्ये दुरुस्तीसाठी बंद करण्यात आले. २०१४ च्या राष्ट्रकुल क्रीडास्पर्धांतील हॉकीचे सामने ग्रीनवरील मैदानांत झाले.