एका शब्दाचे वाक्य

बंगळूरच्या उत्तरेस देवनहळ्ळी नावाचे जुने किल्ल्याचे गाव आहे. टिपू सुलतानाचे जन्मस्थान म्हणून इतिहासात त्याचे नाव येते. १७९१ साली लॉर्ड कॉर्नवॉलिसच्या फौजेने तो किल्ला घेतला. २००८ सालापासून विमानाने बंगळूरला जाणारा प्रत्येक प्रवासी प्रथम याच गावच्या परिसरात उतरतो. तेथील चकोतरा, म्हणजे आपले पपनस, प्रसिद्ध आहे. समजा, अशा प्रवाशांपैकी एखादी मराठी आजी पपनसांच्या पाटीपुढे उभी राहिली. विक्रेता विचारतो, ‘बेकु?’ आजी म्हणतात, ‘नको.’ तो विचारतो, ‘एल्लिंद?’ सोबतचा नातू सांगतो, ‘पुण्याहून.’ चार वाक्ये झाली आणि शब्दही चारच झाले. विक्रेत्याने कर्ता सांगितला नाही, आजींनी कर्म सांगितले नाही, नातवाने क्रियापदच गाळले; तरी कोणाचे काही अडले नाही.

एका शब्दात संपूर्ण कथन करण्याच्या या रीतीला पाश्चात्त्य भाषाशास्त्रात ‘होलोफ्रेसिस’ असे एक विरळा वापरले जाणारे नाव आहे. ग्रीक भाषेत ‘होलोस’ म्हणजे संपूर्ण आणि ‘फ्रेसिस’ म्हणजे कथन. मराठीत या संज्ञेला सर्वमान्य प्रतिशब्द रूढ झालेला नाही; ‘एकपदोक्ती’ म्हटल्यास अर्थ पुष्कळसा साधतो. परंतु नाव एक असले तरी त्याखाली निरनिराळ्या तीन गोष्टी नांदतात आणि त्यांची गल्लत झाली की विचारही घसरतो.

पहिला अर्थ भाषांच्या घडणीविषयीचा आहे. अमेरिकेतील मूळ रहिवाशांच्या भाषा युरोपीय पंडितांनी अभ्यासावयास घेतल्या, तेव्हा शब्द कोठे संपतो आणि वाक्य कोठे सुरू होते, हेच त्यांना कळेना. द्यु पोन्सो याने १८१९ साली अशा भाषांना ‘बहुसंश्लेषी’ या अर्थाचे नाव दिले. पुढे जर्मनीतून अमेरिकेत जाऊन स्थायिक झालेल्या फ्रान्सिस लीबर याने १८३७च्या सुमारास ‘होलोफ्रॅस्टिक’ हे विशेषण वापरात आणले. अलास्कातील युपिक भाषेचे एक उदाहरण पाठ्यपुस्तकांतून नेहमी दिले जाते. ‘रेनडियरच्या शिकारीला जाणार असल्याचे त्याने अद्याप पुन्हा सांगितले नव्हते’ एवढा सगळा मजकूर तेथे एका शब्दात मावतो. असे काही ऐकले की आपल्याला ती भाषा अद्भुत वाटू लागते. पण अद्भुताच्या शोधात अलास्कापर्यंत जाण्याची गरज नाही.

मराठीतला ‘आलो’ हा शब्द घ्यावा. बोलणारा स्वतःविषयी सांगतो आहे, तो एकटा असेल तर पुरुष आहे, क्रिया घडून गेली आहे, एवढे सारे त्या दोन अक्षरांत आहे. ‘आणलास?’ हा प्रश्न तर त्याहूनही भरगच्च आहे. ऐकणारा एकटा आहे आणि त्याला ‘तू’ म्हणण्याइतकी जवळीक आहे, हे शेवटच्या ‘स’ने सांगितले. आणावयाची वस्तू एकच आहे आणि व्याकरणाने पुल्लिंगी आहे, हे ‘ला’ने सांगितले. म्हणजे डबा आणावयाचा होता, छत्री नव्हे! कर्ता आणि कर्म दोघांचीही खूण एका क्रियापदाने अंगावर वागवावी, हा मराठीचा स्वभाव आहे. कन्नडातील ‘तंदेया?’ या प्रश्नात ‘तू’ आहे. पण आणलेल्या वस्तूचा पत्ता नाही.

म्हणून कन्नड काही मागे आहे, असे मात्र नव्हे. ‘बंदे’ म्हणजे मी आलो किंवा मी आले. ‘बंदळु’ म्हणजे ती आली. ‘बरलारे’ म्हणजे मी येऊ शकत नाही. जुन्या व ग्रांथिक कन्नडात ‘अरिये’ असे रूप आहे. त्याचा अर्थ ‘मी जाणत नाही’. यात नकाराचा वेगळा शब्द शोधूनही सापडत नाही. धातूला पुरुषवाचक प्रत्यय थेट लागला की नकार आपोआप सिद्ध होतो. याच्या शेजारी प्राचीन मराठीतील ‘नेणें’ ठेवून पाहावे. ‘न’ आणि ‘जाणें’ यांचा सांधा इतका घट्ट बसला की दोन्ही मिळून एक शब्द झाला आणि संतांच्या वाणीत तो पूर्ण वाक्याचे काम करू लागला. ‘नलगे’, ‘नोहे’, ‘नये’ ही त्याचीच भावंडे. दोन भाषांची कुळे वेगळी आणि वाटाही वेगळ्या, तरी ‘मला ठाऊक नाही’ असे सांगताना दोघींनीही शब्दांची काटकसर केली.

ज्यांत कर्ता मुळातच नाही, अशी काही क्रियापदे मराठीत आहेत. ‘उजाडले.’ ‘सांजावले.’ ‘गडगडते.’ ‘मळमळते.’ कोण उजाडले, या प्रश्नाला उत्तर नाही. व्याकरणकारांनी क्रियेचा भाव हाच येथे कर्ता मानला आणि अशा रचनेला भावकर्तरी प्रयोग म्हटले. कर्ता दिसत नसला तरी तो असलाच पाहिजे, या हट्टातून निघालेली ही तोड वाटते. कन्नडातही ‘बेळगायितु’ म्हटले की उजाडले आणि ‘कत्तलायितु’ म्हटले की अंधार झाला. संस्कृतातील ‘वर्षति’ हा शब्दही याच जातीचा. भर्तृहरीच्या ‘वाक्यपदीया’त वाक्य म्हणजे काय याविषयीची जी निरनिराळी मते नोंदली आहेत, त्यांत एकटे क्रियापद हेच वाक्य होऊ शकते, असेही एक मत आहे. ज्या क्रियेचा कर्ता ठरलेलाच असतो तेथे तो उच्चारण्याची गरज उरत नाही. ‘वर्षति’ म्हटले की देव पाऊस पाडतो, हे ऐकणारा समजून घेतो. नवल असे की प्राचीन ग्रीकांतही पाऊस पडतो या अर्थाचे एकटे क्रियापद होते आणि त्याचा कर्ता म्हणून कधीकधी झ्यूस देवाचे नाव घेतले जाई.

इंग्रजीला ही सोय फारशी नाही, म्हणून इंग्रजांना लॅटिनचे कौतुक. १८४३ साली चार्ल्स नेपियरने सिंध जिंकला तेव्हा त्याने ‘पेक्कावी’ एवढ्याच एका शब्दाचा संदेश धाडला, अशी आख्यायिका आहे. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ ‘मी पाप केले आहे’. आणि हेच वाक्य इंग्रजीत उच्चारले की ‘मी सिंध घेतला आहे’ असे ऐकू येते. वस्तुतः नेपियरने असे काही धाडले नव्हते. ही कोटी कॅथरिन विंकवर्थ नावाच्या तरुणीची. ती १८४४ साली ‘पंच’ या विनोदी साप्ताहिकात छापली गेली आणि लोकांनी ती सेनापतीच्या नावावर जमा केली. भारतातील तारसेवा २०१३ साली बंद झाली. तोपर्यंत शब्दांवर पैसे मोजणाऱ्या सामान्य माणसाला ही विद्या उपयोगी पडे. ‘पोचलो’ म्हटले तर मुलगा पोचला, ‘पोचले’ म्हटले तर मुलगी. इंग्रजी तारेने हा भेद कळत नसे.

संज्ञेचा दुसरा अर्थ पाळण्यापाशी सापडतो. मूल साधारण वर्षाचे झाले की एकेक शब्द बोलू लागते आणि पुढचे काही महिने त्याचे सारे बोलणे एकेका शब्दाचेच असते. मराठी घरातले मूल ‘भुर्र’ म्हणते. चिमणी उडाली तरी भुर्र, वडील बाहेर गेले तरी भुर्र, आणि आपल्याला कडेवर घेऊन अंगणात न्यावे अशी इच्छा झाली तरी भुर्रच. पहिल्या वेळी ते वर्णन असते, दुसऱ्या वेळी तक्रार आणि तिसऱ्या वेळी हुकूम. आई चुकत नाही, कारण ती शब्द ऐकते तसा स्वरही ऐकते आणि मुलाचे बोट कोणीकडे आहे तेही पाहते. परंतु पंडितांना येथे प्रश्न पडतो. मुलाच्या मनात संपूर्ण वाक्य तयार असते आणि जिभेला तेवढे पेलत नाही म्हणून एकच शब्द बाहेर पडतो की काय? की मुलापाशी केवळ शब्द आणि इच्छा असते आणि वाक्य आई रचते? विसाव्या शतकात या प्रश्नावर पुष्कळ वाद झाला. वाक्य मुलाचे नसून आईचे आहे, हा पक्ष अधिक सावध आणि म्हणून अधिक पटणारा आहे. ज्याला दोन शब्द जोडता येत नाहीत त्याच्या मनात कर्ता-कर्म-क्रियापदाची मांडणी आहे असे समजणे, म्हणजे आपले व्याकरण त्याच्या गळ्यात बांधणे होय.

हा वाद आपल्याकडे फार जुना आहे, फक्त तो पाळण्यावरून नव्हे तर दारावरून झाला. एखादा माणूस नुसते ‘द्वारम्’ म्हणतो, आणि ऐकणारा उठून दार लावतो. ‘लाव’ हा अर्थ आला कोठून? कुमारिल भट्टाचे अनुयायी म्हणतात, ऐकणारा मनात ‘पिधेहि’ हा गाळलेला शब्दच आणतो आणि मग त्याला वाक्यार्थ कळतो. प्रभाकराचे अनुयायी म्हणतात, शब्दाची गरज नाही; प्रसंगावरून अर्थच थेट मनात येतो. पहिला शब्दाध्याहार, दुसरा अर्थाध्याहार. वरवर पाहता हा केस चिरण्याचा प्रकार वाटेल. पण मुलाच्या ‘भुर्र’मध्ये अव्यक्त वाक्य आहे की नाही, हा आधुनिक प्रश्न आणि हा जुना प्रश्न यांत फारसे अंतर नाही. पतंजलीच्या ‘महाभाष्या’तही, लोक वाक्याऐवजी वाक्याचा तुकडा वापरतात, असे निरीक्षण आहे. ‘आत ये’ आणि ‘घास खा’ असे सांगताना ‘ये’ आणि ‘घास’ एवढेच उच्चारले जाते, आणि काम भागते.

हाच तिसरा अर्थ, म्हणजे प्रौढांच्या रोजच्या व्यवहारातली एकपदोक्ती. तिच्यात शब्द थोडा असतो आणि प्रसंग मोठा. म्हणूनच ती एका भाषेतून दुसऱ्या भाषेत नेताना जपावे लागते. मराठी पाहुणा निघताना ‘येतो’ म्हणतो. कोशातला अर्थ धरला तर तो आत येत असला पाहिजे. प्रत्यक्षात त्याचा एक पाय चपलेत असतो. देवनहळ्ळीच्या कन्नड घरात मात्र त्याला कोणी हसणार नाही, कारण तेथेही निघताना ‘बर्तीनि’, म्हणजे येतो, असेच म्हणतात. फार तर ‘होगि बर्तीनि’, जाऊन येतो. नुसते ‘जातो’ म्हणणे दोन्ही घरांत अशुभ. शब्द निराळे असले तरी त्यामागचे अनुच्चारित वाक्य एकच आहे.

आणि एक शब्द तर या मुलखात मराठीतून चालत गेला आहे. १६३८ साली विजापूरच्या फौजेने बंगळूर घेतले आणि ते शहाजीराजांच्या जहागिरीत आले. कोलार, होसकोटे, दोड्डबळ्ळापूर हा देवनहळ्ळीभोवतीचा टापू त्याच जहागिरीतला. १६८७ साली बंगळूर मोगलांच्या आणि त्यांच्याकडून म्हैसूरकरांच्या हाती गेले. राज्य गेले, पण दख्खनभर मराठी शेजारात वाढलेली दखनी उर्दू या भागातही रुजली आणि आजही बोलली जाते. तिच्यात नकारासाठी ‘नक्को’ हा शब्द आहे. तो मराठीच्या ‘नको’चाच अवतार. तिच्या बोलण्यात जोर देण्यासाठी येणारा ‘इच’ हाही आपल्या ‘च’चा आप्त आहे. मात्र घर सोडताना ‘नको’ने आपली सगळी वस्त्रे बरोबर नेली नाहीत. मराठीत लहानाला ‘नको’, मोठ्याला ‘नका’. दखनीत सर्वांना ‘नक्को’च, आदर दाखवावयाचा तर तो पुढच्या क्रियापदाने दाखवावा. उलट कन्नडाने कोणाकडून काही न घेता हाच भेद आपल्यापुरता राखला आहे. तेथे लहानाला ‘बेड’ आणि मोठ्याला ‘बेडि’. नकार देतानाही समोरच्याचा मान पाहावा, हे एवढ्याशा शब्दात बसविण्याची हातोटी दोन्ही भाषांना साधली आहे.

अशा शब्दाचे मोल कळते ते दुसरे सगळे शब्द गेल्यावर. १८६१ साली पॅरिसजवळच्या बिसेत्र रुग्णालयात पॉल ब्रोका या शल्यवैद्याने एक रोगी तपासला. अनेक वर्षे त्या माणसाला ‘तां’ या एका अक्षराखेरीज जवळजवळ काही बोलता येत नव्हते. रुग्णालयात त्याचे नावच ‘तां’ पडले होते. त्याला बोललेले पुष्कळसे समजे. प्रश्नाला तो ‘तां, तां’ असे उत्तर देई आणि अर्थ हातवाऱ्यांनी, स्वराच्या चढउतारांनी सांगू पाही. ऐकणाऱ्याला तो समजला नाही की संतापून जाई. त्याच्या मृत्यूनंतर मेंदूच्या डाव्या बाजूच्या पुढच्या भागात विकृती आढळली आणि वाचेचे स्थान मेंदूत शोधण्याच्या शास्त्राला त्यातून मोठी चालना मिळाली. पक्षाघाताने वाचा गेलेल्या कित्येक माणसांपाशी असाच एखादा शब्द उरतो. ‘नको’ हा शब्द उरलेला माणूस औषध नको म्हणतो, की दिवा नको म्हणतो, की ‘हवे’ म्हणावयाचे असूनही जिभेवर ‘नको’च येतो, हे ओळखण्याचे काम उशाशी बसलेल्यांचे असते. तेथे वैद्य बाहेरचा असतो आणि त्याची भाषा वेगळी असली तर त्याला दुप्पट बाहेरचे व्हावे लागते. वहीत ‘रोग्याने नकार दिला’ असे लिहिण्यापूर्वी घरच्या माणसाला विचारणे त्याला चुकत नाही.

बंगळूरकडच्या मराठी घरांत याच्या उलट टोकाचे दृश्य दिसू शकते. मूल दिवसभर कन्नड बोलणाऱ्या शेजारणीजवळ असते आणि संध्याकाळी आजीच्या मांडीवर. भाताचा शेवटचा घास पुढे आला की ते तोंड फिरवून म्हणते, ‘साकु.’ आजी घास खाली ठेवते आणि म्हणते, ‘पुरे? बरे, पुरे.’