आनंद पटवर्धनांचे माहितीपट आणि आपलं सियागंज

सियागंजातल्या जुन्या पेढ्यांवरच्या वडीलधाऱ्यांचं बोलणं रेकॉर्ड करायचं मंडळात ठरलं, तेव्हा काहींनी विचारलं, "ह्याचा उपयोग काय, आणि कधी?" मौखिक इतिहासात हा प्रश्न येतोच. मला त्याचं उत्तर मुंबईचे माहितीपटकार आनंद पटवर्धन (जन्म १९५०) यांच्या कामात सापडतं.

१९८५ च्या 'हमारा शहर' मध्ये त्यांनी शाहीर विलास घोगरे यांचं गाणं घेतलं. विषय होता मुंबईतल्या झोपड्यांची पाडापाडी. पुढे ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या, दहा जण गेले. त्या धक्क्याने चारेक दिवसांत घोगऱ्यांनी आत्महत्या केली. एका गाण्यापुरतं केलेलं ते जुनं चित्रण आता गेलेल्या माणसाची खूण झालं.

पटवर्धन तिथून पुढे १४ वर्षं चित्रण करत राहिले. २००९ मध्ये सत्र न्यायालयाने संबंधित पोलीस अधिकाऱ्याला दोषी ठरवलं, तोवर बारा वर्षं गेली होती. एका आठवड्याच्या शूटिंगमध्ये हे कसं यावं? तीन तासांहून मोठ्या 'जय भीम कॉम्रेड' (२०११) मध्ये मृतांचे नातलग, वस्तीतल्या बाया, कलापथकातली पोरं स्वतः बोलतात, गातात.

त्यांचा 'वसुधैव कुटुंबकम्' घरातलाच. आईवडील म्हातारे होताहेत म्हणून कॅमेरा लावला होता. गप्पांतून काका रावसाहेब आणि अच्युत पटवर्धन यांचा स्वातंत्र्यलढा आला, आई निर्मलाताईंचं शांतिनिकेतन आणि मातीची भांडी आली. २०२३ मध्ये तो टोरांटोच्या महोत्सवात दाखवला गेला, तेव्हा आईवडील दोघंही नव्हते.

म्हणजे उपयोग आधी ठरवून चित्रण करता येत नाही. माणूस आहे तोवर त्याचं बोलणं घ्यावं, एवढंच आपल्या हातात. सियागंजात आता हिशेब कॉम्प्युटरवर चालतो. हाताने खातेवही लिहिलेले मुनीमजी आणि पाठीवर पोती वाहिलेले हम्माल थकलेत. त्यांना "इतिहास सांगा" म्हणू नका. दुकान किती वाजता उघडायचं, माल कुठून यायचा, उधारी कशी वसूल व्हायची, हे विचारा. मध्ये तोडू नका. नाव, तारीख, जागा सुरुवातीलाच बोलून घ्या, आणि मूळ फाईल न कापता दोन ठिकाणी ठेवा.

मोबाईल सगळ्यांकडे आहे. घरात असं कुणी असेल, तर येत्या रविवारीच बसा.